युद्धोत्तर अमेरिकेतलं कॉफी शॉप: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इथली उत्तरं साधारण १९४५ ते १९७५ या काळापुरती आहेत. आधीच्या आणि नंतरच्या गोष्टी लागतील तेवढ्याच घेतल्या आहेत.

कॉफी शॉप म्हणजे आजच्यासारखं कॅफेच ना?

नाही, आणि बहुतेक गोंधळ इथूनच सुरू होतो. त्या काळी अमेरिकेत कॉफी शॉप म्हणजे साधं, स्वस्त उपाहारगृह. अंडी, टोस्ट, पॅनकेक, हॅम्बर्गर, 'पाय' (सारण भरून भाजलेला गोड पदार्थ) आणि दिवसभर कॉफी. एक लांब काउंटर, त्यापुढे फिरती स्टुलं आणि काचेलगत बूथ, म्हणजे समोरासमोर गादीची दोन बाकं आणि मधे टेबल. एस्प्रेसोचा पत्ताही नसायचा.

जवळचे तीन प्रकार वेगळे ओळखावेत. वूलवर्थसारख्या स्वस्त वस्तूंच्या दुकानात किंवा औषधांच्या दुकानात खाण्यापिण्याचा जो काउंटर असायचा तो लंच काउंटर. कारखान्यात अख्खं बांधून जागेवर आणून ठेवलेलं, रेल्वेच्या डब्यासारखं लांबट उपाहारगृह म्हणजे डायनर. जेरी ओमाहोनी, कुलमन, फोडेरो या न्यू जर्सीच्या कंपन्या ते बनवत. आणि संध्याकाळी गाणी, कविता, वादविवाद चालायचे ते कॉफीहाउस. या शेवटच्या प्रकाराबद्दल सर्वांत जास्त लिहिलं गेलं, पण सामान्य अमेरिकन माणसाचं रोजचं बसणं-उठणं कॉफी शॉप, लंच काउंटर आणि डायनर या तिघांत होतं.

युद्धानंतरच एवढी गर्दी का झाली?

युद्धात कॉफीचं रेशनिंग होतं. २९ नोव्हेंबर १९४२ पासून जुलै १९४३ पर्यंत पंधरा वर्षांवरच्या माणसाला पाच आठवड्यांना एक पौंड, म्हणजे ४५४ ग्रॅम कॉफी मिळे. ब्राझीलमध्ये कॉफी पडून होती, ती आणायला जहाजं नव्हती. लोक एका पौंडातून जास्तीत जास्त कप काढायला शिकले. सैन्यात मात्र कॉफी मुबलक होती, आणि तिची सवय लागलेली लाखो माणसं १९४५-४६ मध्ये घरी परतली. १९४६ मध्ये खप माणशी वर्षाला सुमारे ४६ गॅलनवर, म्हणजे १७५ लिटरच्या आसपास पोहोचला. हा उच्चांक पुढे कधीच मोडला नाही.

दुसरं कारण मोटारगाडी. उपनगरं वसली, कामाची जागा घरापासून लांब गेली, आणि रस्त्याकडेला गाडी लावून अर्धा तास टेकायला जागा हवी होती. १९५३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या लेकवुड या नव्याकोऱ्या उपनगरात हॅरल्ड बटलर आणि रिचर्ड जेझॅक यांनी 'डॅनीज डोनट्स' काढलं. तेच आधी 'डॅनीज कॉफी शॉप्स' आणि १९५९ मध्ये 'डेनीज' झालं. पहिलं वॉफल हाउस १९५५ मध्ये जॉर्जियातल्या अ‍ॅव्हॉनडेल इस्टेट्स इथे उघडलं. दोन्ही साखळ्यांची ओळख एकच: चोवीस तास उघडं.

पाच सेंटचा कप दहा सेंटला कधी गेला?

सगळीकडे एकाच दिवशी नाही, पण १९५० ते १९५४ या काळात बहुतेक ठिकाणी.

सर्वांत गाजलेलं उदाहरण हॉर्न अँड हार्डार्टच्या ऑटोमॅटचं. फिलाडेल्फिया आणि न्यूयॉर्कमधल्या या उपाहारगृहांत नाणं टाकलं की डॉल्फिनच्या तोंडासारख्या तोटीतून कपभर कॉफी यायची. यंत्रं निकलवर, म्हणजे पाच सेंटच्या नाण्यावरच चालत. त्यामुळे भाव सहा किंवा सात सेंट करता येईना. १९५० मध्ये तो एकदम दुप्पट करावा लागला आणि गिऱ्हाईक दुखावलं.

मग जुलै १९५३ मध्ये ब्राझीलच्या पराना भागात हिमदवानं कॉफीचे मळे जळाले. १९५४ मध्ये अमेरिकेत पौंडाचा किरकोळ भाव एका डॉलरच्या वर गेला. बहिष्काराच्या हाका उठल्या, आणि जे मालक पाच सेंटला चिकटून होते त्यांनीही हात टेकले.

एका कपावर पुन:पुन्हा फुकट कॉफी ओतणं परवडायचं कसं?

हिशेब सोपा आहे. पौंडाला एक डॉलर धरा. पौंडातून ४० कप काढले तर कपामागे अडीच सेंटची कॉफी जाते. ६० काढले तर पावणेदोन सेंटांहूनही कमी. दुसरा कप ओतला तरी दहा सेंटांतले पाचच कॉफीत गेले. दूध-साखर आणि धुणावळ वेगळी, पण गिऱ्हाईक बसून राहिलं की 'पाय' मागवतं, सँडविच मागवतं, आणि नफा तिथे असतो. कॉफी हे बसण्याचं भाडं होतं.

रिफिल सगळीकडे फुकट नव्हतं. गर्दीच्या शहरी ठिकाणी दुसऱ्या कपाचे पैसे लागत. न्यूयॉर्कच्या चॉक फुल ओ'नट्सचा सगळा धंदाच माणूस लवकर उठण्यावर होता: काउंटरवर चीज-अक्रोडाचं सँडविच आणि कॉफी घ्या, खा, निघा. आणि १९७५च्या जुलैत परानात पुन्हा हिमदव पडून १९७७ पर्यंत भाव भडकले, तेव्हा बऱ्याच ठिकाणी फुकट रिफिलची पाटी उतरली.

तिथली कॉफी इतकी पातळ का असायची?

रेशनिंगची सवय आणि भाववाढ या दोन्हींमुळे. पौंडाला ४० कप हे जुनं प्रमाण. काटकसरीत ते ६० आणि त्याहून वर गेलं. त्यात १९५४ नंतर रोबस्टा या स्वस्त जातीच्या कॉफीचं मिश्रण वाढलं, विशेषतः इन्स्टंट कॉफीत. एकदा पातळ कॉफीची सवय झाली की चांगल्या कॉफीला लोक 'कडक' म्हणून नाकं मुरडतात, त्यामुळे मालकाला परत फिरणंही अवघड.

यावर उतारा म्हणून १९५२ मध्ये कॉफी ब्रूइंग इन्स्टिट्यूट स्थापन झाली. अर्नेस्ट लॉकहार्ट या रसायनशास्त्रज्ञानं ठरवलेली मोजमापं आजही वापरात आहेत: पुडीतला १८ ते २२ टक्के भाग पाण्यात उतरावा आणि तयार कॉफीत विरघळलेले पदार्थ १.१५ ते १.३५ टक्के असावेत. १८च्या खाली राहिलं तर आंबूस-कच्ची चव, २२च्या वर गेलं तर कडवट. संस्थेनं उपाहारगृहांना सांगितलेलं प्रमाण पौंडाला २ ते २.५ गॅलन पाणी. किती मालकांनी ते पाळलं, हे त्या काळची कॉफी आठवणाऱ्या कुणालाही विचारा.

मोठ्या अर्नमध्ये कॉफी करायची पद्धत काय होती?

अर्न म्हणजे तोटीचं उभं पिंप. आत कॉफीचं भांडं, बाहेरून गरम पाण्याचं वेष्टन, वर कडीला लावलेली कापडी पिशवी. एका पौंडाचं माप धरून:

१. नवी पिशवी साबण न लावता गरम पाण्यातून काढायची. साबणाचा वास कापडात मुरतो आणि आठवडाभर जात नाही.

२. पूड पिशवीत सारख्या थरात पसरायची. ढीग राहिला तर पाणी कडेनं निसटतं आणि मधली पूड कोरडी राहते.

३. ९२ ते ९६ अंशांचं २ ते २.५ गॅलन पाणी (साडेसात ते साडेनऊ लिटर) हळूहळू, गोल फिरवत ओतायचं. जाड दळलेल्या पुडीला ६ ते ८ मिनिटं, मध्यम पुडीला ४ ते ६.

४. पाणी उतरलं की पिशवी ताबडतोब काढायची. राहू दिली तर शेवटचे कडू थेंब सगळी कॉफी बिघडवतात. गर्दीच्या वेळी हीच पायरी सर्वांत जास्त चुकायची.

५. तोटीतून साधारण एक गॅलन कॉफी काढून वरून परत अर्नमध्ये ओतायची, पुडीतून नव्हे. आधी उतरलेली दाट कॉफी तळाशी बसते. ढवळलं नाही तर पहिल्या गिऱ्हाइकाला काढा आणि शेवटच्याला गरम पाणी.

६. तयार कॉफी ८५ अंशांच्या आसपास ठेवायची, तासाभरापेक्षा जास्त नाही. उकळू द्यायची नाही. ऑटोमॅटमध्ये तर वीस मिनिटांनी उरलेली कॉफी फेकून देत.

धुण्यात हयगय झाली की वरचं सगळं वाया. कॉफीचं तेल भांड्याला चिकटून खवट होतं. दर घाण्यानंतर अर्न खंगाळायचा, आठवड्यातून दोनदा खास पावडरनं धुवायचा, पातळी दाखवणारी काचेची नळी ब्रशनं घासायची. पिशवी वाळू न देता गार पाण्यात बुडवून ठेवायची, कारण वाळलेल्या कापडातलं तेल रातोरात खवट होतं.

या कटकटीमुळेच पुढे कागदी फिल्टर जिंकला. बन कंपनीनं १९५७ मध्ये सपाट तळाचा कागदी फिल्टर आणि १९६३ मध्ये स्वयंचलित ड्रिप यंत्र आणलं. तेव्हापासून काउंटरमागे शेगडीवरच्या काचेच्या दोन किटल्या हे दृश्य कायमचं झालं. नारिंगी मूठ असेल तर कॅफिनमुक्त: सांका या कॅफिनमुक्त कॉफीचा रंग नारिंगी, तो मुठीला चिकटला आणि आजतागायत टिकला.

काउंटरला एवढं महत्त्व कशासाठी?

एकट्या माणसासाठी. चार जणांच्या टेबलावर एकटं बसलं की ओशाळल्यासारखं होतं. काउंटरवर एकटं येणंच रीतसर. शेजारच्याशी बोलायचं असेल तर मान वळवा, नको असेल तर समोर स्वयंपाक चाललेला असतो तो बघा. बोलायला निमित्तही हाताशी: साखर सरकवा, वर्तमानपत्राचं पान द्या.

लॉस एंजलिसचे वास्तुरचनाकार लुई आर्मेट आणि एल्डन डेव्हिस यांनी हे पुरतं ओळखलं होतं. नॉर्म्स आणि १९५८चं पॅन्स ही कॉफी शॉप्स आणि त्याच वर्षीचा डेनीजचा नमुना आराखडा त्यांचेच. स्वयंपाक भिंतीआड न ठेवता काउंटरमागे उघड्यावर आणला. स्टुलं जमिनीत न रोवता काउंटरच्या अंगातून पुढे काढली, म्हणजे खालून झाडू सरळ फिरतो. पुढची भिंत पूर्ण काचेची आणि छप्पर तिरकं, वर उसळलेलं, कारण ताशी चाळीस मैलांनी जाणाऱ्या ड्रायव्हरला आत माणसं बसलेली दिसली तरच तो गाडी वळवणार. कल्व्हर सिटीच्या शिप्स या कॉफी शॉपमध्ये प्रत्येक टेबलावर टोस्टर होता. ब्रेड आपला आपण भाजा.

या शैलीला 'गूगी' म्हणतात. जॉन लॉटनर यांनी १९४९ मध्ये हॉलिवूडमध्ये बांधलेल्या गूगीज या कॉफी शॉपवरून समीक्षक डग्लस हॅस्केल यांनी १९५२ मध्ये ते नाव दिलं. देताना सूर थट्टेचा होता. आता याच इमारती वाचवायला वारसाप्रेमी नगरपालिकांशी भांडतात.

दिवसभरात कोण कोण यायचं?

पहाटे ट्रकवाले, दूधवाले, रात्रपाळी संपवून निघालेले कामगार. सात ते नऊ नोकरदार. दहाच्या सुमाराला आसपासचे दुकानदार आणि निवृत्त मंडळी. गावोगावच्या राजकारणाचा काथ्याकूट याच टेबलावर. दुपारी जेवणाची झुंबड, तेव्हा बूथ एकट्याला मिळत नसे. तीननंतर शाळा सुटलेली मुलं, एका कोकमध्ये चौघं. मालकाची सर्वांत नावडती गिऱ्हाइकं. मध्यरात्रीनंतर टॅक्सीवाले, पोलीस, नर्सा आणि ज्यांना घरी जायचं नाही ते सगळे.

सगळ्यांना प्रवेश होता का?

नाही. या काळाच्या गोड आठवणींत हा भाग सोयीनं गाळला जातो, म्हणून जरा सविस्तर.

दक्षिणेतल्या वूलवर्थसारख्या दुकानांत कृष्णवर्णीयांना वस्तू विकत घेता यायच्या, खाणं उभ्यानं घेता यायचं. काउंटरच्या स्टुलावर बसता मात्र येत नसे. पैसे तेच, मनाई बसण्याला. म्हणून लढाही बसण्याचाच झाला. जुलै १९५८ मध्ये कॅन्सासमधल्या विचिटा इथल्या डॉकम औषध दुकानात तरुण येऊन बसू लागले आणि काही आठवड्यांत दुकान नमलं. १९ ऑगस्ट १९५८ रोजी ओक्लाहोमा सिटीत शिक्षिका क्लारा ल्यूपर मुलांना घेऊन कॅट्झ औषध दुकानाच्या काउंटरवर बसल्या. काही दिवसांतच तिथेही दार उघडलं.

१ फेब्रुवारी १९६० रोजी नॉर्थ कॅरोलायनात ग्रीन्सबरो इथे एझेल ब्लेअर, डेव्हिड रिचमंड, फ्रँकलिन मकेन आणि जोसेफ मकनील या चार विद्यार्थ्यांनी वूलवर्थमध्ये आधी किरकोळ खरेदी केली आणि मग काउंटरवर बसून कॉफी मागितली. मिळाली नाही. दुकान बंद होईपर्यंत ते उठले नाहीत. दुसऱ्या दिवशी आणखी आले, आठवड्याभरात शेकडो, आणि लोण दक्षिणेतल्या इतर शहरांत गेलं. २५ जुलै १९६० रोजी त्या काउंटरनं नियम बदलला. पहिल्यांदा तिथे बसून जेवले ते दुकानाचेच कृष्णवर्णीय कर्मचारी. १९६४च्या नागरी हक्क कायद्यात लंच काउंटर आणि सोडा फाउंटन (थंड पेयांचा काउंटर) यांचा नावानिशी उल्लेख आहे, तो या इतिहासामुळे.

उत्तरेत कायदा असा नव्हता, तरी वागणूक सगळीकडे सारखी नव्हती. चॉक फुल ओ'नट्सनं १९५७ मध्ये कृष्णवर्णीय बेसबॉलपटू जॅकी रॉबिन्सन यांना कर्मचारी विभागाचे उपाध्यक्ष केलं, ही त्या काळात मोठी बातमी होती. समलिंगी आणि तृतीयपंथी गिऱ्हाइकांना रात्री हुसकावणं तर नित्याचं होतं. ऑगस्ट १९६६ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या कॉम्प्टन्स कॅफेटेरियात पोलिसानं हात धरताच एका तृतीयपंथी स्त्रीनं त्याच्या तोंडावर कॉफी फेकली आणि दंगल उसळली, असं सांगितलं जातं.

वेट्रेस ओरडायच्या ती भाषा कुठली?

काउंटरवरून स्वयंपाक्याला दिलेली ऑर्डर, लक्षात राहावी अशी. 'ड्रॉ वन' म्हणजे एक कॉफी. 'ड्रॉ वन इन द डार्क' म्हणजे बिनदुधाची. 'ब्लाँड विथ सँड' म्हणजे दूध-साखर घालून. 'अ‍ॅडम अँड ईव्ह ऑन अ राफ्ट' म्हणजे टोस्टवर दोन पोच केलेली अंडी. 'एटी-सिक्स' म्हणजे तो पदार्थ संपला. न्यूयॉर्क आणि न्यू इंग्लंडमध्ये 'रेग्युलर' मागितली की दूध-साखरेची मिळे. इतरत्र तोच शब्द वापरला तर साधी काळी, आणि वर 'दूध हवंय का?' असा प्रश्न.

'कॉफी ब्रेक' इथूनच आला का?

सुट्टी आधीपासून काही कारखान्यांत होती. तिचं नाव घराघरांत पोहोचवलं पॅन-अमेरिकन कॉफी ब्यूरो या लॅटिन अमेरिकी कॉफी उत्पादक देशांच्या प्रचारसंस्थेच्या १९५२च्या जाहिरातींनी. कायद्यात ती आणली डेन्व्हरच्या एका नेकटाय विणणाऱ्या कारखान्यानं. मालक फिल ग्राइनेट्झ यांनी पंधरा मिनिटांच्या दोन सुट्ट्या दिल्या, काम वाढलं, म्हणून त्या सक्तीच्या केल्या आणि त्या वेळेचा पगार कापला. सरकारनं खटला भरला. १९५६ मध्ये न्यायालयानं सांगितलं की फायदा मालकाचा, तेव्हा पगारही मालकानं द्यावा. आखूड सुट्टी पगारी, हा नियम त्यातून पक्का झाला.

कॉफी शॉपला याचा फायदा मर्यादितच झाला. १९४७ मध्ये रड आणि मेलिकियन यांनी 'क्विक कॅफे' हे नाण्यावर चालणारं यंत्र आणलं होतं. पंधरा मिनिटांत रस्ता ओलांडून जाऊन येण्यापेक्षा कॉरिडॉरमधला कागदी कप सोपा.

मग न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागातली कॉफीहाउसं?

ती वेगळी परंपरा, इटालियन वस्त्यांची. न्यूयॉर्कचं कॅफे रेजिओ १९२७चं. सॅन फ्रान्सिस्कोच्या नॉर्थ बीचमधलं कॅफे ट्रिएस्टे जोव्हानी जोट्टा यांनी १९५६ मध्ये उघडलं. दारूचा परवाना लागत नसल्यानं भांडवल कमी, आणि अल्पवयीन मुलांनाही येता येई. ग्रीनिच व्हिलेजचं गॅसलाइट (१९५८) आणि मॅसॅच्युसेट्समधल्या केंब्रिजचा क्लब ४७ (१९५८) इथून लोकसंगीताची लाट उठली. व्हिएतनाम युद्धाच्या काळात लष्करी छावण्यांजवळ सैनिकांसाठी युद्धविरोधी कॉफीहाउसं निघाली: साउथ कॅरोलायनात कोलंबिया इथे यूएफओ, टेक्सासमध्ये किलीन इथे ओलिओ स्ट्रट. यूएफओला १९७० मध्ये 'सार्वजनिक उपद्रव' ठरवून टाळं लावलं.

तो निळा-पांढरा ग्रीक नक्षीचा कप कुठला?

न्यूयॉर्कचा, १९६३चा. शेरी कप कंपनीच्या लेस्ली बक यांनी तो आखला, कारण शहरातली बरीच कॉफी शॉप्स ग्रीकांच्या मालकीची होती आणि त्यांना आपलंसं वाटेल असं काही हवं होतं. नाव 'अँथोरा'. बक स्वतः चेकोस्लोव्हाकियातून आलेले, नाझी छळछावण्यांतून वाचलेले. हा कप बाहेर नेण्यासाठी. आत बसणाऱ्याला जाड चिनी मातीचा मग. तो जाड असण्याचं कारण साधं: आपटला तरी सहसा फुटत नाही आणि एकदा तापला की कॉफी गरम राहते.

हे सगळं ओसरलं कशामुळे?

१९५६च्या महामार्ग कायद्यानं ४१,००० मैलांचं जाळं मंजूर केलं. जुन्या रस्त्यांवरची गिऱ्हाइकं एक्झिटपाशी गेली. हॅम्बर्गरच्या साखळ्यांनी वेट्रेस आणि बसून खायचा काउंटर दोन्ही काढून टाकले. शहरांच्या पुनर्रचनेत जुन्या वस्त्या पाडल्या गेल्या. तरुणांनी कोला धरला आणि १९६०च्या दशकापासून कॉफीचा खप उतरू लागला. ज्यांना चांगली कॉफी हवी होती ते १९६६ मध्ये बर्कलीत उघडलेल्या पीट्सकडे किंवा १९७१च्या सिअ‍ॅटलमधल्या स्टारबक्सकडे वळले. गंमत म्हणजे तेव्हाचं स्टारबक्स बिया विकायचं.

आज कुठे पाहता येईल? काय पाळावं?

कॅलिफोर्नियात बरबँकचं बॉब्स बिग बॉय (१९४९, रचना वेन मॅकॅलिस्टर) आणि लॉस एंजलिसचं पॅन्स. न्यूयॉर्कचं रेजिओ, सॅन फ्रान्सिस्कोचं ट्रिएस्टे. ग्रीन्सबरोच्या वूलवर्थ इमारतीत २०१० पासून नागरी हक्क संग्रहालय आहे, आणि त्या काउंटरचा एक भाग वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियनमध्ये. निघण्यापूर्वी वेळा तपासा. यातली काही ठिकाणं आता चोवीस तास उघडी नसतात.

एकटे असाल तर काउंटरवर बसा. रिफिल नको असेल तर कपावर हात ठेवा किंवा तसं सांगा. टिप बिलाच्या १५ ते २० टक्के. फक्त कॉफी घेऊन तासभर बसलात तर टक्केवारी विसरून किमान दोन-तीन डॉलर ठेवा. वेट्रेसना टिप मिळते म्हणून पगार कमी देण्याची मुभा १९६६च्या दुरुस्तीनं मालकांना मिळाली. संघराज्याच्या कायद्यानुसार तो किमान पगार १९९१ पासून ताशी २.१३ डॉलरवर अडकलाय. काही राज्यांत जास्त आहे.

ती कॉफी घरी जमेल का?

जमेल, पण आपली फिल्टर कॉफीची भांडी बाजूला ठेवा. त्यांतला अर्क फार दाट. चिकोरी नसलेली, मध्यम भाजलेली, मध्यम दळलेली पूड घ्या. पाकिटावर चिकोरीचं प्रमाण छापलेलं असतं, ते आधी वाचा. कागदी फिल्टरच्या कोनात १८० मिलिलिटर पाण्याला १० ग्रॅम, म्हणजे दोन सपाट टेबलस्पून. पाणी उकळून अर्धा मिनिट थांबा, मग चार मिनिटांत ओतून संपवा. तिकडे दुधाऐवजी 'हाफ-अँड-हाफ' (दूध आणि क्रीमचं मिश्रण) घालतात. इथे दोन भाग दूध आणि एक भाग २५ टक्क्यांचं फ्रेश क्रीम मिसळलं की स्निग्धांश जवळपास तेवढाच येतो. प्यायचा जाड मग आधी गरम पाण्यानं तापवून घ्या, नाहीतर तोच बरीच उष्णता खाईल.